भूमिगतांचा अनुबोधपट : एमिल द आंतोनिओ आणि ‘अंडरग्राउंड’

राजकारणाच्या परिघावर वावरणाऱ्या गटांचा इतिहास लिहू जाणाऱ्यास साधनांची अडचण आरंभीच भेडसावते. मोठ्या पक्षांची अधिवेशने भरतात, ठराव छापले जातात, पुढाऱ्यांचे पत्रव्यवहार पुढे ग्रंथालयांच्या स्वाधीन होतात. जे गट कायद्याच्या कक्षेबाहेर जाऊन राहतात ते कागद ठेवीत नाहीत, आणि ठेवलेच तर वेळ येताच जाळून टाकतात. त्यांच्याविषयी मागे उरते ते बहुधा पोलिसांच्या दफ्तरात, म्हणजे शत्रूच्या हस्ताक्षरात. ह्याखेरीज सभासदांनी वीस-तीस वर्षांनी लिहिलेल्या आठवणी मिळतात. परंतु त्या लिहिताना शेवट काय झाला हे लेखकास ठाऊक असते, आणि त्या जाणिवेने आरंभाचाही रंग पालटतो. ह्या दोहोंच्या मध्ये क्वचित एखादे तिसरे साधन सापडते : गट अद्याप लपून असतानाच बाहेरच्या माणसाने आत जाऊन टिपलेला वृत्तान्त. अमेरिकन अनुबोधपटकार एमिल द आंतोनिओ ह्याचा ‘अंडरग्राउंड’ हा १९७६ सालचा चित्रपट ह्या तिसऱ्या प्रकारात मोडतो. अशा साधनाची प्रतिष्ठा अभ्यासकांत बरीच मोठी असते. ती कितपत रास्त आहे हे पाहणे हा प्रस्तुत लेखाचा उद्देश होय.

विषयाकडे वळण्यापूर्वी शीर्षकातील शब्दाविषयी थोडा खुलासा करणे इष्ट ठरेल. मराठी वाचकाच्या कानांत ‘भूमिगत’ ह्या शब्दाला १९४२ चा सूर आहे. साताऱ्याचे प्रतिसरकार, क्रांतिसिंह नाना पाटील, अच्युतराव पटवर्धन, मुंबईत गुप्तपणे चाललेले उषा मेहतांचे काँग्रेस रेडिओ केंद्र ही नावे त्या शब्दाबरोबर आपसूक येतात आणि त्यांच्यासंगे एक आदरही येतो. त्या भूमिगतांच्या पाठीशी गावे होती. लोक त्यांना भाकरी देत आणि पोलिसांना वाट चुकवीत. येथे ज्या गटाचा विचार करावयाचा आहे त्याच्या पाठीशी असे काही नव्हते. अमेरिकेच्या विस्तीर्ण शहरांतील अनोळखी गर्दी हाच त्यांचा आसरा होता. तेव्हा शब्द तोच वापरला असला तरी त्याच्याबरोबर येणारा आदर वाचकाने तूर्त बाजूस ठेवावा.

द आंतोनिओचा जन्म १९१९ मध्ये पेनसिल्व्हेनियातील स्क्रँटन ह्या कोळशाच्या खाणींच्या गावी झाला. हार्वर्ड विद्यापीठात जॉन केनेडी त्याच्या वर्गबंधूंपैकी होता. चित्रपटाकडे तो वळला तेव्हा त्याने चाळिशी ओलांडली होती. न्यूयॉर्कच्या चित्रकारांच्या वर्तुळात त्याची ऊठबस असे. रॉबर्ट राउशेनबर्ग, जॅस्पर जॉन्स, अँडी वॉरहॉल ही मंडळी त्याच्या मित्रपरिवारातील. ह्या मैत्रीचा त्याच्या कामाशी संबंध आहे. रस्त्यावर टाकून दिलेल्या वस्तू उचलून त्यांतून राउशेनबर्ग चित्र सिद्ध करीत असे. द आंतोनिओने टाकून दिलेल्या चित्रफितींचे तेच केले.

‘पॉइंट ऑफ ऑर्डर’ (१९६४) हा त्याचा पहिला महत्त्वाचा चित्रपट. १९५४ च्या एप्रिल ते जून ह्या काळात सेनेटर जोसेफ मॅकार्थी आणि अमेरिकन सैन्यदल ह्यांच्यातील वादाची सिनेटच्या उपसमितीपुढे सुनावणी झाली व ती दूरचित्रवाणीवर दाखविण्यात आली. तिच्या सुमारे १८८ तासांच्या मुद्रणातून द आंतोनिओने दीड तासाहून थोडा अधिक लांबीचा चित्रपट कापून काढला. त्यात निवेदक नाही. घडले काय हे सांगणारा अधिकारवाणीचा आवाज त्याला मुळीच मान्य नव्हता. साधनांनीच बोलावे आणि मांडणीतून अर्थ निघावा, असा त्याचा आग्रह असे. आपल्याकडे राजवाडे ह्यांनी बखरींपेक्षा अस्सल कागदांचा कैवार घेतला त्याची येथे आठवण होते, मात्र हे साम्य फार ताणू नये. राजवाडे कागद जसाच्या तसा छापण्याबद्दल दक्ष होते. द आंतोनिओ कापीत होता, जोडीत होता, क्रमही बदलीत होता, आणि तसे करण्याचा आपल्याला अधिकार आहे असे उघडपणे म्हणत होता.

ह्याच पद्धतीने त्याने ‘इन द इयर ऑफ द पिग’ (१९६८) मध्ये व्हिएतनाम युद्धाचा मागोवा फ्रेंच वसाहतीच्या काळापर्यंत नेला, आणि ‘मिलहाउस’ (१९७१) मध्ये रिचर्ड निक्सन ह्याची कारकीर्द त्याच्याच भाषणांतून उभी केली. हे सर्व चित्रपट सत्तेच्या मध्यभागाविषयी आहेत. मध्यभागाच्या चित्रफिती विपुल असतात, कारण सत्तेला आपले चित्र काढून घेण्याची हौस असते. परिघाकडे वळताच ही शिदोरी संपते, आणि उलटतपासणी करणारा संकलक साधनाचा निर्माता बनतो. ‘अंडरग्राउंड’मध्ये द आंतोनिओच्या बाबतीत हेच घडले, त्या चित्रपटाची शक्ती आणि उणीव ही दोन्ही येथून सुरू होतात.

आता त्या गटाकडे येऊ. १९६० नंतरच्या दशकात ‘स्टुडन्ट्स फॉर अ डेमोक्रॅटिक सोसायटी’ ही अमेरिकन विद्यापीठांतील डाव्या विद्यार्थ्यांची सर्वांत मोठी संघटना होती. जून १९६९ मध्ये शिकागो येथील अधिवेशनात ती फुटली, आणि तिच्यातून ‘वेदरमन’ हा गट पुढे आला. त्याचेच पुढे ‘वेदर अंडरग्राउंड’ असे नामांतर झाले. युद्ध थांबविण्यास मोर्चे अपुरे आहेत, तेव्हा युद्धच घरी आणले पाहिजे, हे त्याचे तत्त्वज्ञान. ऑक्टोबर १९६९ मध्ये शिकागोच्या रस्त्यांवर त्यांनी दंगल योजली. हजारो येतील अशी अपेक्षा होती, आले काहीशेच. डिसेंबरात ब्लॅक पँथर पक्षाचा तरुण पुढारी फ्रेड हॅम्प्टन शिकागोत पोलिसांच्या पहाटेच्या धाडीत मारला गेला. गोऱ्या विद्यार्थ्यांच्या मनावर त्या घटनेचा जो परिणाम झाला तो ध्यानात घेतल्यावाचून पुढच्या गोष्टींचा उलगडा होत नाही. कृष्णवर्णीयांना प्राण द्यावे लागतात आणि आपण सभा भरवितो, ही लाज त्यांच्या लेखनात पुनःपुन्हा डोकावते.

६ मार्च १९७० रोजी न्यूयॉर्कच्या ग्रीनिच व्हिलेज भागातील एका घरात बाँब तयार करताना स्फोट झाला आणि गटाचे तीन सभासद ठार झाले. त्यानंतर गट पूर्णपणे भूमिगत झाला. ह्यापुढे माणसांवर नव्हे तर इमारतींवर हल्ले करावयाचे आणि आधी दूरध्वनीने इशारा द्यावयाचा, असे धोरण ठरले. १ मार्च १९७१ रोजी वॉशिंग्टनच्या कॅपिटॉल इमारतीत, १९ मे १९७२ रोजी पेंटॅगॉनमध्ये, २९ जानेवारी १९७५ रोजी परराष्ट्र खात्याच्या इमारतीत त्यांनी स्फोट घडविले. भूमिगत झाल्यानंतर त्यांनी स्वतः जबाबदारी घेतलेल्या स्फोटांत प्राणहानी झाली नाही. त्यांना शोधणाऱ्या एफ.बी.आय.ला वर्षानुवर्षे त्यांचा मागमूस लागेना.

१९७४ च्या उन्हाळ्यात गटाने ‘प्रेअरी फायर’ हे गुप्तपणे छापलेले पुस्तक देशभर पोहोचविले. ते वाचून द आंतोनिओने मध्यस्थांकरवी गटाशी संधान बांधले. त्याच्याबरोबर दोघे होते : छायाचित्रकार हॅस्केल वेक्सलर, ज्याचा ‘मीडियम कूल’ (१९६९) हा चित्रपट १९६८ च्या शिकागोतील दंग्यांच्या ऐन मध्यात चित्रित झाला होता, आणि ध्वनी व संकलन सांभाळणारी मेरी लॅम्पसन. १९७५ च्या वसंतात लॉस अँजेलिस येथील एका गुप्त घरात हे तिघे आणि गटाचे पाच सभासद एकत्र आले. पाच जणांत बर्नार्डीन डोर्न, बिल एअर्स, जेफ जोन्स, कॅथी बूडिन आणि कॅथी विल्करसन ही होती. शेवटच्या दोघी १९७० च्या स्फोटातून वाचलेल्या.

चेहरे ओळखू येता कामा नयेत ही मूळ अट होती. चित्रपटाच्या व्याकरणात ही अट फारच कडक आहे, कारण अनुबोधपटाचे बहुतेक सामर्थ्य बोलणाऱ्याच्या चेहऱ्यात असते. तिच्यावर काढलेले उपाय पाहण्यासारखे आहेत. काही वेळा सभासद जाळीदार पडद्यामागे बसून बोलतात. त्यांच्या आकृती दिसतात, नाकडोळे दिसत नाहीत. काही वेळा कॅमेरा त्यांच्या पाठीमागून चित्रण करतो. मागे भिंतीवर अक्षरे शिवलेली गोधडी टांगलेली दिसते. आणि काही वेळा समोर आरसा आहे. ह्या आरशात पाठमोऱ्या सभासदांच्या पलीकडे कॅमेरा घेतलेला वेक्सलर, लॅम्पसन आणि स्वतः द आंतोनिओ ह्यांचे चेहरे स्पष्ट दिसतात. ज्यांच्याविषयी चित्रपट आहे त्यांचे चेहरे झाकलेले आणि जे चित्रपट घेत आहेत त्यांचे उघडे, अशी ही उलटापालट आहे. ती केवळ सोय म्हणून झाली की हेतुपुरःसर, हा वाद मला फारसा महत्त्वाचा वाटत नाही. ह्या चौकटीत चित्रपटकाराने आपली ओळख पोलिसांच्या हाती दिली, आणि पुढील घटना पाहता हे दृश्य निव्वळ अलंकार ठरत नाही.

चित्रीकरणाच्या काळाविषयीही एक गोष्ट नमूद केली पाहिजे. ३० एप्रिल १९७५ रोजी सायगाव पडले. ज्या युद्धाविरुद्ध हा गट जन्मास आला ते युद्ध संपत असतानाच त्याची जबानी नोंदली जात होती. तेथे बोलणारी माणसे पुढच्या क्रांतीच्या भाषेत बोलतात, पण त्यांचे कारण त्यांच्या पायांखालून सरकत चाललेले असते. हा अवघडलेपणा त्यांच्या शब्दांत नाही. तो त्यांच्या विरामांत आहे. लहानपण, घर, आपण येथवर कसे आलो, हे सांगताना त्यांचे बोलणे मोकळे होते; सिद्धान्त सुरू झाला की वाक्ये छापील पत्रकासारखी ताठ होतात. छापील ‘प्रेअरी फायर’ वाचून हा फरक कधीच कळला नसता, आणि पोलिसी अहवालात त्याची नोंद होणे शक्यच नव्हते. साधन म्हणून चित्रपटाची खरी कमाई ही आहे.

उणीव मात्र गंभीर आहे. ‘पॉइंट ऑफ ऑर्डर’मध्ये द आंतोनिओने मॅकार्थीला त्याच्याच शब्दांच्या कात्रीत पकडले. ‘अंडरग्राउंड’मध्ये प्रश्न आहेत, पण त्यांना ती धार नाही. विचारणारा सहानुभूतीने विचारतो आणि उत्तर मिळाले की पुढे जातो. ह्याची सर्वांत मोठी किंमत १९७० च्या त्या घरातील स्फोटाच्या संदर्भात मोजावी लागली. तेथे तयार होत असलेला बाँब खिळ्यांनी भरलेला होता आणि तो न्यूजर्सीतील फोर्ट डिक्स येथे सैनिकांच्या नृत्यसमारंभासाठी होता, म्हणजे माणसे मारण्यासाठीच होता, ह्याचा स्पष्ट उलगडा वाचकांना पुढे अनेक वर्षांनी झाला. एअर्सचे आत्मकथन २००१ मध्ये आणि विल्करसनचे २००७ मध्ये प्रसिद्ध झाले. ‘आम्ही कोणाला इजा केली नाही’ ही गटाची नैतिक भूमिका एका अपघातावर उभी होती. तो अपघात घडला नसता तर काय झाले असते हा प्रश्न १९७५ च्या त्या खोलीत, त्यातून वाचलेल्या दोन स्त्रिया समोर बसलेल्या असताना, विचारण्यासारखा होता. चित्रपट पाहणाऱ्याला तो भिडत नाही.

तो का विचारला गेला नाही? लबाडी हे त्याचे उत्तर मला पटत नाही. द आंतोनिओ स्वतःस तटस्थ म्हणवून घेत नसे. तटस्थतेचा आव हीच त्याच्या मते सर्वांत मोठी लबाडी होती. पण साधने दुसऱ्याने निर्माण केलेली असतात तेव्हा पक्षपाती माणूसही चांगला इतिहास लिहू शकतो, कारण साधनच त्याला अडविते. मॅकार्थीचे १८८ तास द आंतोनिओच्या मर्जीने मुद्रित झालेले नव्हते. लॉस अँजेलिसच्या त्या घरात मात्र साधन, साक्षीदार आणि परीक्षक हे तिन्ही एका बाजूचे होते. पाच फरारी माणसांचे स्वातंत्र्य आपल्या हातात आहे ही जाणीव असताना त्यांची उलटतपासणी करणे माणसाच्या स्वभावात क्वचितच बसते. ह्याच अडचणीत परिघावरील गटांत शिरणारे वार्ताहर, समाजशास्त्रज्ञ आणि चित्रपटकार नेहमी सापडतात. प्रवेश मिळतो तो विश्वासाच्या बळावर, आणि विश्वास प्रश्नांची संख्या कमी करतो.

चित्रीकरणाची कुणकुण एफ.बी.आय.ला लवकरच लागली. १९७५ च्या उन्हाळ्यात तिघांवर लॉस अँजेलिसच्या ग्रँड ज्यूरीपुढे हजर राहण्याची समन्से निघाली. चित्रपटाच्या फिती आणि ध्वनिमुद्रणेही मागण्यात आली. तिघांनी नकार दिला. कलावंताने आपले कच्चे साहित्य पोलिसांच्या स्वाधीन करावे की नाही, असा प्रश्न त्यामुळे उभा राहिला, आणि हॉलीवूडमधील अनेक मंडळी त्यांच्या पाठीशी उभी राहिली. वॉरन बीटी, हॅल ॲशबी, जॅक निकल्सन ही त्यांपैकी काही नावे. ह्यांतील बहुतेकांना बाँबस्फोटांविषयी काडीचीही सहानुभूती नसावी. तथापि चाळिशी-पन्नाशीतल्या दशकांतील काळ्या याद्यांची स्मृती त्या धंद्यात अजून ताजी होती. सरकारने समन्से मागे घेतली आणि चित्रपट १९७६ मध्ये प्रदर्शित झाला.

त्याच १९७५ साली आपल्याकडे आणीबाणी आली, आणि आनंद पटवर्धन ह्यांनी बिहार आंदोलनावर काढलेल्या ‘क्रांति की तरंगें’ ह्या अनुबोधपटाची प्रत तुकडे करून देशाबाहेर न्यावी लागली. दोन्ही प्रसंगांत राजसत्तेचा डोळा चित्रफितीवर होता. परंतु बिहारचे आंदोलन उघड्या मैदानावरचे होते; तेथे चेहरे लपविण्याचे कारण नव्हते, लपवावी लागली ती फीत.

चित्रपटानंतर गट फार काळ टिकला नाही. उघड्यावर यावे की नाही, नेतृत्वाने वंश आणि स्त्रिया ह्यांच्या प्रश्नांवर काय केले, ह्या वादांतून १९७६-७७ मध्ये तो फुटला. जबानी देणारे पुढारीच आता आपल्या अनुयायांपुढे आरोपी झाले. ह्यापुढील घटनाक्रम मोठा विलक्षण आहे. गटातील अनेकांवरचे मोठे केंद्रीय खटले १९७३-७४ मध्येच सरकारने सोडून दिले होते, कारण ते चालविताना पाळतीच्या बेकायदा पद्धती न्यायालयात उघड झाल्या असत्या. फरारींच्या नातेवाइकांच्या व मित्रांच्या घरांत चोरून शिरण्यास संमती दिल्याबद्दल एफ.बी.आय.चे दोन माजी वरिष्ठ अधिकारी, मार्क फेल्ट आणि एडवर्ड मिलर, नोव्हेंबर १९८० मध्ये दोषी ठरले. पुढच्याच महिन्यात डोर्न आणि एअर्स शिकागोत स्वाधीन झाले. डोर्नला १,५०० डॉलर दंड आणि तीन वर्षांची देखरेख एवढी शिक्षा झाली. फेल्ट आणि मिलर ह्यांना १९८१ मध्ये राष्ट्राध्यक्ष रेगन ह्याने माफी दिली. (हाच फेल्ट वॉटरगेट प्रकरणी वार्ताहरांना माहिती पुरविणारा गुप्त इसम होता हे २००५ मध्ये जाहीर झाले.)

सर्वांची गोष्ट अशी सौम्यपणे संपली नाही. २० ऑक्टोबर १९८१ रोजी न्यूयॉर्क राज्यातील नायॅकजवळ ब्रिंक्स कंपनीच्या रोकड नेणाऱ्या गाडीवर दरोडा पडला; एक रक्षक आणि दोन पोलीस ठार झाले. त्यात कॅथी बूडिन पकडली गेली. २००३ मध्ये तिची पॅरोलवर सुटका झाली आणि २०२२ मध्ये ती निवर्तली. १९७५ च्या चित्रपटात पडद्यामागून येणारा तिचा आवाज आज ऐकताना त्या तीन मृत्यूंची आठवण बाजूस सारता येत नाही. पण इतिहासाच्या अभ्यासकाने ती काही काळ तरी सारली पाहिजे, नाहीतर १९८१ चे ज्ञान १९७५ च्या जबानीत मिसळून दोन्ही गढूळ होतील.

सॅम ग्रीन आणि बिल सीगल ह्यांनी २००२ मध्ये ‘द वेदर अंडरग्राउंड’ हा नवा अनुबोधपट काढला, आणि त्यात द आंतोनिओची दृश्ये साधन म्हणून वापरली. एकेकाळी दुसऱ्यांच्या फिती वेचणाऱ्याची फीत आता तिसऱ्याने वेचली. ह्या नव्या चित्रपटात पूर्वीची माणसे वयस्क, उघड्या चेहऱ्यांनी बोलतात, आणि काहींच्या बोलण्यात पश्चात्ताप स्पष्ट आहे. दोन्ही चित्रपट एकापाठोपाठ पाहिले असता १९७५ मध्ये न विचारलेले प्रश्न कोणते ह्याची यादी आपोआप तयार होते. पदव्युत्तर वर्गातील विद्यार्थ्यांनी हा प्रयोग अवश्य करावा. मात्र जुना चित्रपट आधी पाहावा.

द आंतोनिओने आपल्या अखेरच्या दिवसांत आणखी एक काम केले. माहितीच्या अधिकाराच्या अमेरिकन कायद्याखाली त्याने एफ.बी.आय.कडून स्वतःवरील कागद मागविले होते. ती पाने १०,००० च्या घरात असल्याचे तो सांगे. ‘मिस्टर हूव्हर अँड आय’ (१९८९) ह्या चित्रपटात तो स्वतः कॅमेऱ्यासमोर उभा राहून त्या दफ्तराविषयी बोलतो. येथे पडदा नाही, जाळी नाही. ज्या शत्रूच्या हस्ताक्षराचा आरंभी उल्लेख केला त्यात आपली स्वतःची गोष्ट कशी लिहिली गेली हे तो वाचून दाखवितो, आणि आपल्यावर पाळत ठेवणाऱ्या संस्थेची उलटतपासणी करण्याची त्याची जुनी सवय येथे पुन्हा जागी झालेली दिसते. त्याच वर्षी डिसेंबरात तो वारला. त्याचे कागद विस्कॉन्सिन राज्यातील मॅडिसन येथील चित्रपट व नाट्य संशोधन केंद्रात आहेत. ‘अंडरग्राउंड’च्या निर्मितीचा पुढील अभ्यास करू इच्छिणाऱ्यास ते कागद आणि पोलिसांचे दफ्तर ही दोन्ही शेजारी ठेवून वाचावी लागतील.